तेल घातलेलं कुलूप

पेटीचं कुलूप किल्ली फिरवताच सुळ्ळकन उघडलं आणि शर्टांची काजं करणारी काजवाली धास्तावली.

कुणी म्हणेल, कुलूप सहज उघडलं यात घाबरण्यासारखं काय आहे बाई? इतर घरांत नसेलही, हिच्या घरात होतं. काल संध्याकाळपर्यंत हेच कुलूप महाखडूस होतं. आधी एक हिसका, मग गुडघ्याचा टेकू, मग दोन शिव्या, एवढा मान घेतल्याशिवाय तोंड उघडत नव्हतं. आणि आज एकदम गरीब गाय! तिनं किल्ली नाकाशी नेली. तेलाचा वास. पेटीत हात घातला. भाड्याचे पैसे नव्हते.

तिचा नवरा कुलूपवाला. चौकात चपलांच्या दुकानाच्या पायऱ्यांना खेटून त्याची टपरी. एक फळी, किल्ल्यांच्या माळा, दोन कानशी आणि लांब चोचीची तेलाची कुपी. सगळा बाजार त्याला गुरुकिल्ली म्हणायचा. कुलपाला कान लावायचा, डोळे मिटायचा, तारेनं आत गुदगुल्या करायचा, की कुलूप हसल्यासारखं उघडायचं. मग न विसरता दोन थेंब तेल. "कुलूप उघडावं, पण त्याला दुखवून जाऊ नये," हे त्याच्या बापाचं शिकवणं. हाताला ते वळण इतकं लागलेलं, की स्वतःच्या घरात चोरी केली तरी जाताना तेल घालून जायचा. ओरखडा नाही, खूण नाही, कुलूप पुन्हा जागच्या जागी. फक्त तेल. चोरानं चोरी करून वर घर झाडून जावं, तसं.

"अहो, भाडं कुठंय?"

"पेटीत असेल."

"पेटीत नाही."

"अरेच्चा!" अरेच्चा म्हणण्यात त्याचा हात कुणी धरला नसता. "उंदरानं नेलं असेल."

"हो ना. आणि जाताना कुलूप लावून गेला. फारच वळणाचा उंदीर!"

ही दर वेळी कशी ओळखते, हे त्याला काही केल्या कळायचं नाही. त्याला वाटायचं, बायकोच्या अंगात काहीतरी आहे. ती काही सांगायची नाही. हातातलं एवढं एकच हत्यार, ते कोण दाखवतं?

तर असा हा माणूस पत्त्यांच्या नादी लागला. टायरच्या दुकानामागच्या खोलीत दुपारी तीनला डाव बसायचा. तो तिथे कसा पोचला, याबद्दल त्याच्या आईचा स्वतःचा सिद्धांत होता. "अगं, लहानपणी पेरलेलं बी हा रोज उकरून बघायचा, कोंब आला का म्हणून. एक रोप जगलं नाही त्याच्या हातचं. झाकलेलं काही बघवतच नाही त्याला. हा चौकसपणा त्याच्या बापाकडून आलाय." असं म्हणता म्हणता सासूबाई सुनेच्या हातातल्या पिशवीत डोकं घालून काय आणलंय ते बघायच्या.

पण बोलणं खोटं नव्हतं. उलटा पडलेला पत्ता म्हणजे त्याच्या लेखी बंद कुलूपच. एवढा एकच बघतो, असं म्हणत म्हणत घरातला पंखा गेला, सासूबाईंच्या कानातलं गेलं, टपरीवरची किल्ली कापायची मशीन गेली. वाणी उधार देईना. धाकटा दीर सणकून भांडला आणि यायचा बंद झाला. एकदा सासूबाईंचा चष्माही दिसेनासा झाला. त्या दिवशी मात्र त्यांनी घर डोक्यावर घेतलं. "मेल्या, आईचा चष्मा विकून खाल्लास? कुणी घेतला तरी तो? माझं एवढं नाक कुणाला आहे?"

"आई, शप्पथ, चष्मा मी नाही नेला."

"आणि बाकीचं?"

"...बाकीचं नेलं."

आता बाकीचं नेणाऱ्याचं चष्म्यापुरतं कोण खरं मानणार?

मग एक दिवस काजवाली शिंप्याकडून शर्टांचं गाठोडं घेऊन आली, तर खिडकीजवळची जागा रिकामी. फरशीवर लोखंडी पायांचे चार गोल डाग, मशीन गायब. काज पाडायची मशीन. तिच्यावर ती दिवसाला चाळीस शर्टांची काजं करायची आणि घर चालायचं. मशीन गहाणवाल्याकडे गेली होती, सहा महिन्यांच्या बोलीवर. तोवर सोडवली नाही तर तो विकणार. नशीब एवढंच, की मशीनखालच्या खणाची किल्ली हिच्या जुडग्यात राहिली. गुरुकिल्लीनं कुलूपबंद खण न उघडता नेला, यावरून घाई केवढी असेल ते समजा.

काजवाली ओरडेल, भांडी आपटेल, म्हणून तो दारातच पाय अवघडून उभा होता. ती गाठोडं घेऊन पुढे झाली. त्या चार डागांच्या मध्ये जाऊन बसली, सुईत दोरा ओवला आणि हातानं काज भरायला लागली. हातानं दिवसाला आठ शर्ट. तिची वटवट ऐकायची त्याला सवय होती, तिचं गप्प बसणं त्याला नवीन होतं. तो जरा वेळ उभा राहिला, मग चपला न घालताच बाहेर गेला.

सासूबाईंचा जीव मात्र भलतीकडेच अडकला. "काय गं, खणात काय होतं?"

"होतं काहीतरी."

"म्हणजे काय?"

"म्हणजे होतं काहीतरी, आई." खरं तर तिला स्वतःलाच आठवत नव्हतं. पण तसं कबूल केलं तर घरात एवढी तरी गंमत कुठली?

त्यानंतर एक विचित्र प्रकार सुरू झाला. पेटीचं कुलूप कुरकुरायला लागलं. आठवडा गेला, दोन गेले, ते दिवसेंदिवस खडूस होत चाललं. आत जे थोडंथोडकं होतं ते जागच्या जागी. काजवालीला आनंद व्हायला हवा होता, पण तिच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. कारण दर गुरुवारी संध्याकाळी सहाला गुरुकिल्ली टपरी बंद करून, केस विंचरून, घरी न येता कुठेतरी जायचा.

"केस विंचरून?" सासूबाईंनी डोळे बारीक केले. चष्मा नसल्यामुळे ते तसेही बारीकच असायचे. "पत्ते खेळायला कुणी केस विंचरत नाही."

"मग?"

"मग काय! चल."

पुढच्या गुरुवारी दोघी त्याच्या मागावर निघाल्या. सुनेनं सासूचा हात धरलेला, सासूनं तोंडावर रुमाल धरलेला, आणि दर दहा पावलांवर "दिसतोय का? दिसतोय का?" एवढ्या मोठ्यानं, की अख्ख्या रस्त्याला दिसत होतं. तो एका लॉन्ड्रीच्या शेजारच्या जिन्यानं वर गेला. दोघी मागोमाग. वर एक खोली, दार लोटलेलं, आतून पुरुषांच्या हसण्याचा आवाज आणि कपबशांची किणकिण.

"डाव नवा बसवलाय," सासूबाई कुजबुजल्या. "जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही." आणि किल्लीच्या भोकाला डोळा लावला. "काहीच दिसत नाही गं. तू बघ."

"सरका तरी."

तेवढ्यात आतून त्याचाच आवाज आला. काजवालीनं सासूबाईंच्या तोंडावर हात ठेवला.

"आमच्या डावातला एकजण मला त्याच्या घरी घेऊन गेला," तो सांगत होता. "म्हणाला, कपाटाची किल्ली हरवलीय. मी उघडून दिलं. आत साखरेच्या डब्यात पैसे होते. त्यानं काढून घेतले आणि म्हणाला, लाव परत, बायकोला कळायला नको. मी लावलं. तेल घातलं. बाहेर पडताना त्याची बायको दारात भेटली, नळावरून पाणी घेऊन येत होती. मला म्हणाली, बरं झालं तुम्ही आलात, कपाट कधीपासून अडकतंय. हातातल्या घागरीसकट तिनं मला 'उपकार झाले' म्हटलं. तिथून मी तीनच्या डावाला जाणार होतो. पाय निघेना. माझ्या घरात मी रोज हेच करतो, पण ते मी कधी असं बाहेर उभं राहून बघितलं नव्हतं. त्यानंतर तीनच दिवसांनी आमची मशीन गेली. म्हणजे डावाला गेलो नाही असं नाही. गेलो. मशीन हरलो, तेव्हा इथे आलो."

आत चहा ओतल्याचा आवाज आला. सासूबाई रडत होत्या की शिंक दाबत होत्या, कळायला मार्ग नव्हता. ते लगेच कळलं. शिंक अशी आली, की त्या दारावर आदळल्या, दार उघडलं आणि सासू-सून दोघी थेट खोलीच्या मधोमध.

सात-आठ माणसं गोल खुर्च्यांवर, मध्ये चहाची किटली. कुठे पत्त्याचं पानही नाही. एक टकलू, मिशाळ म्हातारा उठून उभा राहिला. तो बसचा निवृत्त कंडक्टर. स्वतः आयुष्यात दोन वेळा घर हरलेला, आता दर गुरुवारी अशा लोकांना जमवून बसवणारा.

"या, या," तो म्हणाला. "पुढे सरका, जागा आहे. उभ्यानं प्रवास करायचा नाही."

गुरुकिल्लीचे कान लाल झाले होते. "तुम्ही दोघी माझ्या मागावर?"

"मग तूच काय एकटा डोकावणार?" सासूबाई म्हणाल्या आणि खुर्चीवर बसून चहा मागितला.

कंडक्टर काकांचा नियम एकच. कमाई घरी द्यायची, आणि पाय टायरच्या दुकानाकडे वळायला लागले तर आधी कुणाला तरी एकाला जाऊन सांगायचं. सांगून झाल्यावर जायचं तर खुशाल जा. गुरुकिल्लीनं त्यात स्वतःचं एक कलम जोडलं. घरी येऊन बायकोला म्हणाला, "पैसे कुलपात ठेवू नकोस. उघडे ठेव. कुलूप दिसलं की माझे हात शिवशिवतात."

काजवालीनं मान हलवली आणि फळीवर बिस्किटांच्या डब्यात, झाकण न लावता, पैसे ठेवले. थोडेसे. मशीन सोडवायचे खरे पैसे मात्र गुपचूप त्याच पेटीत, त्याच खडूस कुलपात, सासूबाईंच्या पलंगाखाली. तिला नावं ठेवण्यात अर्थ नाही. दुधानं तोंड पोळलेल्या माणसानं ताक फुंकून प्यावं, तर हिचं तोंड किती वेळा पोळलं होतं!

पाच महिने गेले. हाताची बोटं सुईनं भोकं पडून चाळणी झाली. पण पेटीतले पैसे वाढत होते आणि कुलूप गंजत होतं, आणि तो गंज तिला सोन्यासारखा वाटायचा. मुदत संपायला वीस दिवस राहिले होते. शिंप्यानं मजुरी दिली, ती पेटीत टाकायला ती पलंगाखाली वाकली, हिसका द्यायला हात आवळला, किल्ली फिरवली.

सुळ्ळकन.

तिनं किल्ली नाकाशी नेली, तेलाचा वास! पेटीत बघायची हिंमत होईना. शेवटी डोळे मिटून हात घातला. पुडकं होतं. बाहेर काढून मोजलं. सगळे. पुन्हा मोजलं. एकही नोट कमी नाही.

पैसे गेले असते तर तिला काय करायचं ते माहीत होतं. पण पैसे आहेत आणि तेलही आहे, याचं काय करायचं? दोन दिवस तिनं कळ काढली. खायला बसली की आठवायचं, काज भरताना आठवायचं. एका शर्टाची काजं चुकून डाव्या पट्टीऐवजी उजव्या पट्टीवर केली. तिसऱ्या दिवशी तो जेवत असताना तिनं विचारलं, "अहो, पेटी उघडली होती ना तुम्ही?"

त्याचा घास हातात राहिला. "हो."

"कधी?"

"सोमवारी. मला ठाऊक होतं तू तिथे ठेवतेस. डब्यात ठेवतेस ते दाखवायचे." तो आवाज न चढवता बोलत होता. "वाटलं, नुसते किती झालेत ते बघू. मग वाटलं, एक डाव खेळलो तर आजच मशीन येईल. पुडकं शर्टात घातलं आणि निघालो. टायरच्या दुकानापर्यंत गेलो. आतून पत्ते पिसण्याचा आवाज येत होता. मग नियम आठवला, आधी सांगायचं. म्हणून कंडक्टर काकांच्या घरी गेलो आणि म्हटलं, माझ्या शर्टात मशीन आहे."

"मग? त्यांनी अडवलं?"

"छे! म्हणाले, बरं, चहा घे. आणि दोन तास मला सत्तावीस नंबरच्या बसचे सगळे थांबे सांगत बसले. कुठे कोण चढायचं, कोण फुकट जायचं. उठावं तर म्हणायचे, अजून डेपो यायचाय! डेपो येईपर्यंत डाव उठला होता. मी घरी आलो, पैसे ठेवले." तो थांबला. "पण तुला कळलं कसं? तू नेहमी ओळखतेस कसं?"

काजवालीनं त्याच्याकडे बघितलं. इतकी वर्षं जपलेलं हत्यार. ते दिलं की उद्यापासून तिला काहीच कळणार नव्हतं. आणि मशीन अजून गहाणवाल्याकडेच होती. पण माणसानं इतकं सगळं उघडं करून समोर ठेवल्यावर आपण एक कुलूप लावून बसायचं, हे तिला बरं दिसेना.

"तुम्ही तेल घालता," ती म्हणाली.

"काय?"

"चोरी करून झाली की कुलपाला तेल घालता. दर वेळी."

तो बघत राहिला. मग हसायला लागला, इतका, की डोळ्यांतून पाणी आलं, आणि त्यातलं सगळं काही हसण्याचं नव्हतं. "बापानं शिकवलेलं," एवढंच म्हणाला.

पलीकडच्या पलंगावरून सासूबाई ओरडल्या. झोपेचं सोंग केव्हाच संपलं होतं. "सांगितलंस? अगं वेडे, सांगितलंस त्याला? आता तेल न घालता उघडेल ना तो!"

"उघडू देत," काजवाली म्हणाली. तिनं पेटीचं कुलूप काढून त्याच्या हातात दिलं. "हे टपरीवर विका. जुनं आहे, पण तेलपाणी चांगलं झालेलं आहे."

पुढच्या पंधरा दिवसांत ती नीट झोपली, असं सांगितलं तर ते खोटं होईल. टपरीवरून यायला त्याला दहा मिनिटं उशीर झाला तरी पेटी उघडून बघायची. पण उघड बघायची, त्याच्यासमोरही. तोही म्हणायचा, "मोज, मोज, माझंही मन शांत होतं." दोनदा तो आल्या आल्या "आज काकांकडे जाऊन आलो" म्हणाला. सत्तावीस नंबरच्या बसचे थांबे घरात सगळ्यांना पाठ झाले.

मुदतीला दोन दिवस असताना मशीन हातगाडीवरून घरी आली आणि आपल्या चार डागांवर नेमकी बसली. काजवालीनं तिच्यावरून फडकं फिरवलं. सासूबाई फडक्याच्या आधी पोचल्या होत्या.

"खण उघड."

"उघडते की. उद्या."

"उद्या? उद्या का? आज काय झालं?"

"आज मी दमलेय."

गुरुकिल्ली मशीनसमोर उभा होता. खणाचं ते इवलंसं पितळी कुलूप त्याच्या डोळ्यांसमोर, केसांत खोचायची पिन घेऊन पोरंसोरं उघडतील असलं. त्यानं ते बघितलं. बोटं एकदा हलली. मग त्यानं हात मागे बांधले आणि म्हणाला, "उद्या तर उद्या." आणि बाहेर जाऊन पायरीवर बसला.

सासूबाईंचा मात्र जीव टांगणीला लागला. "काय असेल गं? सोनं आहे का? नसेल. कागद आहेत का? मला तरी सांग, मी त्याला सांगणार नाही." मग थोड्या वेळानं पायरीवर जाऊन, "अरे, तुला उघडता येतं ना? नुसतं किलकिलं करायचं, लगेच लावायचं."

"आई, तू मला बिघडवतेयस," तो म्हणाला.

सकाळी काजवालीनं जुडगं काढलं. सासूबाई मागे, इतक्या जवळ की मानेवर श्वास. किल्ली आत गेली आणि अडकली. हिसका दिला, गुडघा टेकवला. कुलूप ढिम्म.

"कडक आहे?" सासूबाईंनी विचारलं.

"दगड आहे."

"पण आता त्यानं काही सिद्ध होत नाही हं. तेलाचं गुपित तू फोडून बसलीस."

"नाही होत," काजवाली म्हणाली. खरंच, काहीही सिद्ध होत नव्हतं, आणि तरी तिला भीती वाटत नव्हती, याचं तिचं तिलाच नवल वाटलं. ती दाराकडे वळून म्हणाली, "अहो, जरा तेल घाला इकडे."

तो लांब चोचीची कुपी घेऊन आला. दोन थेंब. मग मागे सरकून उभा राहिला. तिनं किल्ली फिरवली. सुळ्ळकन.

आत दोऱ्याची रिळं, एक मोडकी कात्री, सुटी बटणं, आणि त्यांच्याखाली फडक्यात गुंडाळलेला, एका दांडीचा स्क्रू निखळलेला चष्मा.

"अगंबाई," काजवालीनं कपाळावर हात मारला. "मीच ठेवला होता. दुरुस्तीला द्यायचा म्हणून."

सासूबाईंनी चष्मा उचलला, एका दांडीवर नाकावर चढवला आणि दीड वर्षानंतर पहिल्यांदा लेकाकडे नीट बघितलं.

"किती वाळलायस रे," त्या म्हणाल्या. मग जरा वेळानं, "चष्मा तू नव्हता नेलास."

"दीड वर्ष सांगतोय."

"मोठ्यानं सांगायचं होतंस," सासूबाई म्हणाल्या, आणि चष्मा काढून त्याच्यापुढे धरला. "हा स्क्रू बसव. आणि याला तेल घालू नकोस हो."